समोरचा किनारा का थरथरतोय? निवांत व्हीआर गेमचं चित्र आणि वेग जुळवण्याची सविस्तर रीत

आमच्या बाबांची सगळी नोकरी गोव्यात मांडवी नदीवरच्या रायबंदर–चोडण फेरीबोटीवर गेली. आता गुडघे साथ देत नाहीत, त्यामुळे धक्क्यावरचं जाणंही कमी झालंय. एका रविवारी मी त्यांना सालातल्या (बैठकीच्या खोलीतल्या) आरामखुर्चीत बसवलं, डोक्याला व्हीआरचा हेडसेट चढवला आणि होडी वल्हवायचा एक निवांत गेम लावून दिला. दोन मिनिटं ते काहीच बोलले नाहीत. मग म्हणाले, "पाणी बरं केलंय रे. पण समोरचा किनारा का थरथरतोय?"

"कुठे बाबा? मला तर सगळं झकास दिसतंय."

"झाडं बघ ना. बोट सरळ चाललीय आणि झाडांना हुडहुडी भरलीय."

मी हेडसेट घेऊन बघितलं. खरंच होतं. आठवडाभर रोज रात्री बसून मी सावल्या, प्रतिबिंबं, पाण्याचा फेस, सगळं वरच्या टोकाला नेऊन ठेवलं होतं आणि जवळच्या पाण्याकडे बघून खूश होतो. बाबांची नजर सवयीने पैलतीरावर गेली आणि माझी सगळी मेहनत तिथेच उघडी पडली.

धावपळीच्या, मारामारीच्या गेममध्ये ही थरथर कुणाच्या लक्षात येत नाही, कारण कुठेच दोन सेकंद नजर थांबत नाही. निवांत गेमचं उलटं आहे. तिथे माणूस एकाच झाडीकडे, एकाच लाटेकडे पाच-पाच मिनिटं बघत बसतो. शिवाय होडी संथ सरकते, आपण मात्र खुर्चीत स्थिर. डोळे सांगतात चाललोय, कान आतून सांगतात बसलोय. या भांडणात चित्र जरा जरी अडखळलं तरी मळमळ सुरू होते. म्हणून आधी चित्र स्थिर करायचं, आणि मग ताकद उरली तर ती जिथे नजर रेंगाळते तिथेच खर्च करायची. खालची सगळी रीत याच क्रमाने आहे. उदाहरणं मेटा कंपनीचा क्वेस्ट हेडसेट आणि गेमिंग लॅपटॉप या जोडीची आहेत, कारण माझ्या ओळखीतल्या बहुतेकांकडे तीच आहे.

आधी भिंग, मग सेटिंग

"चित्र अंधूक दिसतं" अशी तक्रार आली की मी आधी लॅपटॉप उघडत नाही, हेडसेट उचलतो. दोन बाहुल्यांमधलं अंतर आणि दोन भिंगांमधलं अंतर जुळलं नसेल, तर जगातलं सगळ्यात महाग ग्राफिक्स कार्डही तुमच्या कामाचं नाही. क्वेस्ट २ वर भिंगांच्या तीनच जागा आहेत: ५८, ६३ आणि ६८ मिलिमीटर. क्वेस्ट ३ वर चाक असतं, ते फिरवून बारीक जुळवता येतं. चष्म्याच्या दुकानात बाहुल्यांमधलं अंतर मोजून घ्या, दोन मिनिटांचं काम आहे. ते जमत नसेल तर एखादी बारीक अक्षरांची पाटी समोर ठेवून एक-एक जागा बदलून बघा.

मग हेडसेट चेहऱ्यावर वर-खाली सरकवा. जुन्या, गोल चकत्या-चकत्यांच्या भिंगात स्वच्छ दिसणारा भाग मधोमध आणि लहान असतो. क्वेस्ट २ आणि क्वेस्ट ३एस दोन्हींत तीच भिंगं आहेत. आरामखुर्चीत मान मागे टेकली की मागचा पट्टा वर ढकलला जातो, हेडसेट खाली घसरतो आणि माणूस त्या स्वच्छ भागातून बाहेर पडतो. बाबांच्या बाबतीत अर्धी अंधुकी याचीच होती. मानेखाली छोटी उशी ठेवली, पट्टा कवटीच्या खालच्या उंचवट्याखाली नेऊन बसवला, झालं.

भिंग पुसायला कोरडं मायक्रोफायबर कापड घ्या. स्पिरिट, काचेचा फवारा, सदऱ्याचं टोक, यातलं काही नको. आणि हेडसेट भिंगं वर करून खिडकीत कधीही ठेवू नका. ऊन त्या भिंगातून एकवटतं आणि आतल्या पडद्यावर डाग पाडतं, तो कायमचा.

फेरी चुकली की पुढचीच

आता वेग. ९० हर्ट्झ म्हणजे हेडसेट सेकंदाला ९० चित्रं दाखवणार, म्हणजे एका चित्राला ११.१ मिलिसेकंद. एवढ्यात दोन्ही डोळ्यांची चित्रं तयार व्हायला हवीत. ७२ हर्ट्झला १३.९ मिलिसेकंद मिळतात, १२० ला फक्त ८.३.

हे बाबांना मी फेरीच्या भाषेत सांगितलं होतं. फेरी ठरल्या वेळेला सुटते. तुम्ही अर्धा मिनिट उशिरा धक्क्यावर आलात तर अर्धा मिनिट उशिरा पोचत नाही, पुढची फेरी येईपर्यंत थांबता. चित्राचंही तसंच: ११.१ ऐवजी ११.५ मिलिसेकंद लागले तर ते चित्र थेट पुढच्या खेपेला, २२.२ ला दिसतं. तोवर हेडसेट जुनंच चित्र घेतो आणि तुमचं डोकं जितकं वळलं तितकं ते वळवून दाखवतो. दूरचा डोंगर त्यात खपून जातो. जवळचं वल्हं, तुमचा हात, होडीच्या नाकाशी फुटणारं पाणी मात्र दुहेरी दिसतं किंवा कडेला जेलीसारखं डुचमळतं.

क्वेस्ट केबलने जोडला असेल आणि ताकद कमी पडली, तर एएसडब्ल्यू नावाची सोय आपोआप चालू होते. ती गेमला ९० ऐवजी ४५ चित्रंच काढायला लावते आणि मधलं प्रत्येक चित्र अंदाजाने बनवते. सोय चांगली आहे, पण सेटिंग जुळवताना ती खरी परिस्थिती झाकून ठेवते. म्हणून जुळवाजुळव चालू असेपर्यंत कीबोर्डवर कंट्रोल आणि नंबरपॅडचा १ दाबून ती बंद करा. सगळं झालं की कंट्रोल आणि ४ दाबून पुन्हा आपोआपवर सोडा. लॅपटॉपला नंबरपॅड नसेल तर हीच सोय क्वेस्टच्या लॅपटॉपवरच्या सॉफ्टवेअरसोबत येणाऱ्या ऑक्युलस डीबग टूलमध्ये यादीतून निवडता येते.

माझा सल्ला अनेकांना पटणार नाही: निवांत गेमसाठी ७२ हर्ट्झ लावा आणि ते कधीही न चुकता मिळवा. १२० च्या मागे लागून दर दहाव्या सेकंदाला एक झटका खाण्यापेक्षा ते कितीतरी सुखाचं. ज्यांना ७२ वर कडेच्या नजरेला लुकलुक जाणवते, त्यांनी ८० किंवा ९० घ्यावं. आणि घड्याळाच्या काठावर बसू नका. १३.९ मिळत असतील तर गेम ११-१२ मध्ये आटोपायला हवा, म्हणजे पक्ष्यांचा थवा आला, पाऊस सुरू झाला तरी चित्र अडत नाही.

अडतंय कुठे ते शोधा

चित्र अडखळलं की लोक सरसकट सगळे पर्याय खाली ओढतात. थांबा. आधी काम कुणाचं रखडतंय ते बघा: प्रोसेसरचं की ग्राफिक्स कार्डाचं. स्टीमव्हीआर या व्हीआर गेम चालवणाऱ्या सॉफ्टवेअरमध्ये फ्रेम टायमिंगचा, म्हणजे प्रत्येक चित्राला लागणाऱ्या वेळेचा, आलेख असतो, ऑक्युलस डीबग टूलमध्ये डोळ्यांसमोर आकडे दाखवणारा पर्याय असतो. दोन्हींत या दोघांचे मिलिसेकंद वेगवेगळे दिसतात.

आकडे वाचायचा कंटाळा असेल तर एक सोपी चाचणी आहे. रेझोल्यूशन, म्हणजे चित्रातल्या ठिपक्यांची (पिक्सेलांची) संख्या, एकदम अर्ध्यावर आणा. चित्र भुरकट होईल, होऊ दे. अडखळणं थांबलं तर दोष ग्राफिक्स कार्डाच्या ओझ्याचा. तरीही तसंच अडखळत असेल तर प्रोसेसर दमलाय, आणि मग रेझोल्यूशन कमी ठेवण्यात काहीच फायदा नाही. ते परत वर न्या आणि झाडांची संख्या, दूरवर दिसण्याचं अंतर, पक्षी-मासे, पाण्याची भौतिकी हे खाली आणा. ब्राउझरच्या चाळीस टॅब बंद करा. लॅपटॉप चार्जरला लावलेला हवाच, कारण बॅटरीवर ग्राफिक्स कार्डाला पूर्ण वीज मिळत नाही.

टक्केवारीचा घोळ

आता रेझोल्यूशन. इथे जेवढा गोंधळ आहे तेवढा दुसरीकडे कुठे नाही. क्वेस्ट २ चा पडदा एका डोळ्याला १८३२ × १९२०, क्वेस्ट ३ चा २०६४ × २२०८. पण स्टीमव्हीआर शंभर टक्क्यांना त्याहून मोठा आकडा दाखवतं. ती चूक नाही. भिंग चित्र ताणतं, म्हणून ते आधीच उलट्या बाजूने वाकवून पडद्यावर द्यावं लागतं. वाकवताना मधला भाग फुगतो, आणि तिथे बारकावा कमी पडू नये म्हणून मूळ चित्र मोठं काढतात. तेव्हा शंभर म्हणजे शंभर धरा, त्याखाली जाणं ही तडजोड समजा.

दुसरी गोष्ट, ही टक्केवारी एकूण पिक्सेलांची आहे, बाजूची नाही. १५० टक्के म्हणजे काम दीडपट, पण प्रत्येक बाजू जेमतेम १.२२ पट. डीबग टूलमधला आकडा मात्र बाजूचा असतो: तिथे १.२ लिहिलंत तर काम १.४४ पट झालं.

आणि खरा घात इथे होतो की हे सगळे आकडे एकमेकांना गुणले जातात. समजा स्टीमव्हीआरच्या मुख्य पानावर १५०, त्याच गेमच्या स्वतंत्र पानावर पुन्हा १५०. एकूण झाले २२५ टक्के. त्यात गेमच्या आतल्या मेनूतही स्केल १.२ असेल तर लॅपटॉपचा पंखा विमानासारखा ओरडणारच. मी स्वतः दोन दिवस "लॅपटॉप जुना झाला" म्हणून कुरकुरत होतो, आणि कारण निघालं सहा महिन्यांपूर्वी दुसऱ्या कुठल्या गेमसाठी वाढवून विसरलेला मुख्य पानावरचा आकडा. बाकी सगळीकडे शंभर किंवा १ ठेवा, फक्त एकाच ठिकाणी बदल करा. बदलल्यावर गेम बंद करून परत चालू करा, काही गेम चालू असताना नवा आकडा घेत नाहीत.

झाडांची हुडहुडी

बाबांच्या प्रश्नाचं खरं उत्तर इथे आहे. गेममधलं झाड म्हणजे हजारो पानं नव्हेत. सपाट तुकड्यांवर पानांचं चित्र चिकटवलेलं असतं आणि मधल्या जागा कापून पारदर्शक केलेल्या असतात. जवळून ठीक दिसतं. पण पैलतीरावरचं पान एका पिक्सेलपेक्षाही बारीक होतं. मग प्रत्येक चित्रात यंत्र ठरवतं, हा पिक्सेल पानाचा की आभाळाचा? आपलं डोकं कितीही स्थिर ठेवलं तरी श्वासासरशी किंचित हलतंच, त्यामुळे उत्तर दर खेपेला बदलतं. पान, आभाळ, पान, आभाळ. तीच ती हुडहुडी.

बहुतेक जण यावर एमएसएए ४ एक्स लावतात आणि फरक पडला नाही म्हणून वैतागतात. एमएसएए आकाराच्या कडा गुळगुळीत करतं: होडीचा काठ, वल्ह्याचा दांडा, धक्क्याची पायरी. चित्रात कापलेल्या भोकांच्या कडा ते बघतच नाही, जोवर गेम बनवणाऱ्याने अल्फा टू कव्हरेज नावाची युक्ती वापरलेली नसते. मेनूत तसा पर्याय दिसला तर डोळे झाकून चालू करा.

नसेल तर दोन वाटा उरतात. एक, रेझोल्यूशन वाढवणं, जे महागडं आहे. दुसरी, टीएए किंवा डीएलएसएससारखी पद्धत, जी आधीच्या काही चित्रांची माहिती मिसळून आत्ताचं चित्र बनवते. त्यामुळे पान-आभाळाची टोलवाटोलवी थांबते. २०२२ साली स्टीमवर आलेल्या कयाक व्हीआर: मिराजसारख्या पाण्यावरच्या गेममध्ये डीएलएसएस आहे, फक्त त्याला एनव्हिडियाचं आरटीएक्स कार्ड लागतं. यादीत क्वालिटी निवडा, परफॉर्मन्स नको. व्हीआरमध्ये चित्र डोळ्याच्या इतकं जवळ असतं की परफॉर्मन्सचा भुरकटपणा लगेच कळतो.

या पद्धतीत किंमत मोजावी लागतेच: चित्र जरा मऊ होतं आणि उडत्या बगळ्यामागे फिकट शेपूट दिसतं. नेम धरून लक्ष्य टिपायचं असेल तर हे चालणार नाही. पण निवांत गेममध्ये मऊ किनारा मला थरथरत्या किनाऱ्यापेक्षा दहा वेळा चालेल. पहाटे धुक्यात चोडणची खारफुटी धक्क्यावरून पाहिली आहे का कुणी? तिच्या कडा कुठे धारदार असतात.

शार्पनिंगचा पर्याय मात्र आधी शून्यावर आणा. गेममध्ये, स्ट्रीमिंगच्या अॅपमध्ये, हेडसेटच्या सॉफ्टवेअरमध्ये, जिथे असेल तिथे. शार्पनिंग थरथरीला खतपाणी घालतं. सगळं स्थिर झाल्यावर हवं तर थोडं वाढवा. अॅनिसोट्रॉपिक फिल्टरिंग ८ किंवा १६ वर ठेवा. त्याचं ओझं फारसं पडत नाही, आणि तिरप्या नजरेला दिसणाऱ्या लाकडी फळ्या, वाळू, होडीचा तळ स्वच्छ राहतो.

पाणी

पाण्यावर लोक सर्वांत जास्त ताकद उधळतात, मीही उधळली. आरशासारखं प्रतिबिंब हवं असेल तर गेमला सगळा देखावा पाण्याखालून उलटा पुन्हा काढावा लागतो, तोही दोन्ही डोळ्यांसाठी. म्हणजे अख्खं जग दुपटीने. पडद्यावर दिसतंय त्यातूनच प्रतिबिंब बनवणारी स्वस्त पद्धत असते, पण ती व्हीआरमध्ये फसते: उजव्या डोळ्याला पाण्यात झाड दिसतं, डाव्याला त्याच जागी नसतं, आणि पाण्याचा तो तुकडा चकाकत टोचत राहतो. हे टोचणं कशामुळे ते कळत नाही, नुसतं डोकं जड होतं. पाण्याकडे बघत एक डोळा मिटा, मग दुसरा. दोन्हींत प्रतिबिंब वेगळं दिसलं तर तो पर्याय बंद करा.

मी शेवटी प्रतिबिंबं लो वर नेली आणि लाटांचा बारकावा हाय वर ठेवला. लाटांचा बारकावा हा बहुतेक वेळा पृष्ठभागावर फिरणाऱ्या उंचवट्याच्या चित्रांचा खेळ असतो, त्याचं ओझं तुलनेने कमी. बाबांना काहीच उणं वाटलं नाही. त्यांचं म्हणणं, "श्रावणात मांडवी तांबडी असते, तिच्यात कुठे झाड दिसतं?" डोंगरावरची तांबडी माती उतरलेली, पाणी गढूळ. आरसा असतो तो हिवाळ्यातल्या वारा पडलेल्या सकाळी, तासभर.

फेस, शिंतोडे, पाण्यावरचं धुकं हे सगळं पारदर्शक थरांचं काम. एकावर एक पाच थर आले की एकच पिक्सेल पाच वेळा रंगवावा लागतो. होडी धबधब्याजवळ गेली की वेग का पडतो याचं उत्तर बहुधा हेच. मध्यम ठेवा.

सावल्यांबद्दल एवढंच: अंतर कमी, दर्जा मध्यम. दूरची सावली कुणी बघत नाही, आणि हलत्या सूर्याबरोबर सावलीच्या कडा मुंग्यांसारख्या सरपटतात. ब्लूम, म्हणजे उजेडाभोवतीची चकाकी, निम्म्यावर. मोशन ब्लर बंद, व्हीआरमध्ये त्याला काही स्थानच नाही.

रात्रीच्या देखाव्यांचा मोह आवरा. क्वेस्ट २ आणि ३ चे पडदे एलसीडी आहेत, मागचा दिवा पूर्ण विझत नाही, म्हणून काळं आभाळ राखाडी दिसतं. कुठल्याही सेटिंगने ते काळं होणार नाही. संध्याकाळ निवडा.

चिऱ्याच्या भिंती आणि वाय-फाय

केबलचं लोढणं निवांतपणाच्या मुळावर येतं, म्हणून बहुतेक जण वायरलेसकडे वळतात. एअर लिंक, स्टीम लिंक, व्हर्च्युअल डेस्कटॉप, कुठलंही वापरा, आतली गोष्ट एकच: लॅपटॉप चित्र काढतो, त्याचा व्हिडिओ दाबून लहान करतो आणि वाय-फायवरून हेडसेटला पाठवतो.

पहिला गैरसमज माझाच सांगतो. चित्रात चौकोन दिसायला लागले तेव्हा मी इंटरनेटचा प्लॅन वाढवून घेतला. काडीचाही फरक पडला नाही, पडणार कसा? लॅपटॉपपासून हेडसेटपर्यंतचा प्रवास घरातल्या घरात होतो, त्याचा बाहेरच्या इंटरनेटशी संबंधच नाही. घरात इंटरनेट नसलेला राउटरही एकदा गेम सुरू झाल्यावर तेवढंच काम करतो.

खरा शत्रू भिंत. आमचं घर जुनं, चिऱ्यांचं, भिंती हाताच्या लांबीएवढ्या जाड. ५ गिगाहर्ट्झचं वाय-फाय असल्या भिंतीपलीकडे पोचता पोचता धापा टाकतं, आणि २.४ गिगाहर्ट्झ पोचलं तरी या कामाला ते पुरत नाही, वर शेजाऱ्यांच्या राउटरांची गर्दी. तेव्हा:

राउटर त्याच खोलीत हवा जिथे तुम्ही बसता, हेडसेटला समोर दिसेल असा, जमिनीवर नव्हे. लॅपटॉप राउटरला इथरनेट केबलने जोडा. लॅपटॉपही वाय-फायवर आणि हेडसेटही वाय-फायवर असेल तर प्रत्येक चित्र हवेतून दोनदा जातं. हेडसेटसाठी ५ गिगाहर्ट्झचं वेगळं नाव ठेवा, चॅनेलची रुंदी ८० मेगाहर्ट्झ, आणि घरातल्या टीव्ही-मोबाइलांना दुसऱ्या नावावर पाठवा. मुख्य राउटर दुसऱ्या खोलीत असेल तर तिथून एक लांब इथरनेट केबल ओढून या खोलीत वाय-फाय ६ चा छोटा राउटर बसवणं सगळ्यात खात्रीचं. भिंतीला भोक पाडायला आईने नकार दिला, म्हणून आमची केबल दाराच्या चौकटीवरून गेलीय.

आता बिटरेट, म्हणजे सेकंदाला किती माहिती पाठवायची ते. व्हिडिओ दाबणारं यंत्र गेल्या चित्रात आणि या चित्रात काय बदललं तेवढंच पाठवून जागा वाचवतं. स्थिर भिंतीचा व्हिडिओ सहज दाबला जातो. पाणी आणि पानं? प्रत्येक चित्रात प्रत्येक पिक्सेल वेगळा. म्हणजे निवांत गेम आपल्याला शांत वाटतो, पण व्हिडिओ दाबणाऱ्या यंत्राला तो सर्वांत छळतो. म्हणून इतर गेममध्ये पुरणारा बिटरेट इथे पुरत नाही. १०० मेगाबिटपासून सुरुवात करा, २०-२० ने वाढवा, आणि आवाज तुटायला किंवा चित्र गचके खायला लागलं की दोन पायऱ्या मागे या.

कोडेकची, म्हणजे व्हिडिओ दाबण्याच्या पद्धतीची, निवड हार्डवेअर ठरवतं. एव्ही१ क्वेस्ट ३ ला वाचता येतं, क्वेस्ट २ ला नाही, आणि ते बनवायला लॅपटॉपमध्येही एनव्हिडियाची ४० मालिका, एएमडीची ७००० मालिका किंवा त्यानंतरचं कार्ड लागतं. बाकीच्यांनी एचईव्हीसी घ्यावं. १० बिटचा पर्याय असेल तर तोच घ्या. सूर्यास्ताच्या आभाळात रंगांचे पायऱ्या-पायऱ्यांसारखे पट्टे दिसतात ना, ते १० बिटने बरेच विरतात.

फक्त हेडसेटवर खेळणाऱ्यांसाठी

लॅपटॉप नसेल तर बदलायला फार काही नसतं, आणि ते एका परीने बरंच आहे. गेम बनवणाऱ्याने त्या चिपसाठी सगळं आधीच बेतलेलं असतं. रेकॉर्डिंग आणि टीव्हीवर दाखवणं बंद ठेवा, दोन्ही त्याच चिपच्या ताकदीत वाटा मागतात. गेमच्या मेनूत फोव्हिएशन असा पर्याय दिसला तर समजून घ्या: मधलं चित्र पूर्ण बारकाव्याने आणि कडेचं कमी बारकाव्याने काढतात. क्वेस्ट २ च्या भिंगात कडा तशाही अंधूक, तिथे हा पर्याय हाय ठेवला तरी खपतो. क्वेस्ट ३ ची भिंगं कडेपर्यंत स्वच्छ आहेत आणि आरामखुर्चीतला माणूस मान न वळवता नुसते डोळे फिरवतो, त्यामुळे तिथे चौकोन दिसतात. तिथे लो.

उकाडा, पाऊस आणि चवथ

मे महिन्यात दुपारी हेडसेट तापतो, चिप स्वतःला वाचवायला वेग कमी करते आणि अर्ध्या तासाने चित्र अडखळायला लागतं. सेटिंग तीच, बदललं फक्त तापमान. पंखा समोरून सोडा. हेडसेट थंड राहतो, कपाळाचा घाम सुकतो, आणि चेहऱ्यावर वारा एकाच दिशेने येत राहिला तर आपण कुठे तोंड करून बसलोय ते शरीराला कळतं, मळमळ कमी होते. बाबांना तो वारा खाडीचाच वाटला.

एसीच्या खोलीतून काढलेला थंड हेडसेट दमट चेहऱ्यावर चढवला की भिंगांवर वाफ धरते. चालू करून दहा मिनिटं बाजूला ठेवा, आतल्या उष्णतेने भिंगं कोमट होतात. पावसाळ्यात चार महिने तो उघड्या कपाटात राहिला तर फेसपॅडला बुरशी धरते, आणि कॅमेऱ्यांच्या भिंगांचं काय होतं ते इथल्या कुठल्याही फोटोग्राफरला विचारा. घट्ट झाकणाचा डबा, आत सिलिका जेलच्या पुड्या, आणि वापरल्यावर फेसपॅड सुकवूनच आत.

वीज गेली तर लॅपटॉप बॅटरीवर तरतो, राउटर मात्र बंद पडून परत सुरू व्हायला दोन मिनिटं घेतो आणि डोळ्यांसमोरचं जग गोठतं. राउटरसाठी मिळतो तो छोटा १२ व्होल्टचा यूपीएस घ्या.

चवथीच्या, म्हणजे गणेशचतुर्थीच्या, दिवसांत आणखी एक गंमत झाली. गणपतीवर टांगलेल्या फळाफुलांच्या माटोळीभोवती लुकलुकणाऱ्या दिव्यांच्या माळा सोडल्या होत्या आणि वल्हं हातातून सारखं उडून जात होतं. कंट्रोलरवर डोळ्यांना न दिसणारे बारीक दिवे असतात, हेडसेटचे कॅमेरे त्यांवरूनच हात कुठे आहे ते ओळखतात. त्यात शेकडो ठिपक्यांची माळ आली की गोंधळ. माळ बंद करा किंवा पाठीमागे ठेवून बसा. खोलीत उजेड हवा, पण थेट ऊन नको, आणि समोर मोठा आरसा असेल तर त्यावर चादर टाका. सेटिंगमध्ये ट्रॅकिंग फ्रिक्वेन्सी ५० हर्ट्झ करा. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची आहे, ट्यूबलाइटची लुकलुक त्याच्याशीच जुळलेली असते.

वही

शेवटची पायरी कंटाळवाणी आहे, पण तिच्याशिवाय वरचं सगळं वाया. गेममधली एकच जागा ठरवा, पैलतीर दिसेल आणि वल्ह्याखाली पाणी असेल अशी. तिथे दोन मिनिटं थांबा. पहिलं मिनिट किनाऱ्यावरची झाडं बघा, दुसरं मिनिट वल्हं मारत त्याची कड बघा. वहीत लिहा. मग एकच पर्याय बदला, परत तीच दोन मिनिटं. एकदम तीन पर्याय बदललेत तर सुधारणा कशामुळे झाली ते कधीच कळणार नाही. क्रम असा ठेवा: हर्ट्झ ठरवा, सगळे पर्याय लो, रेझोल्यूशन शंभर. चित्र स्थिर झालं की थरथरीचा इलाज, मग बिटरेट, मग लाटा, मग सावल्या. प्रतिबिंबं सगळ्यात शेवटी, मिलिसेकंद उरलेच तर. डोकं किंचित जरी जड वाटलं तर हेडसेट काढा आणि त्या दिवशीचं काम तिथेच थांबवा. दमलेला डोळा चुकीचं सांगतो.

पंधरवड्याने बाबांना पुन्हा बसवलं. ७२ हर्ट्झ, डीएलएसएस क्वालिटीवर, शार्पनिंग शून्य, प्रतिबिंबं लो. या वेळी ते वीस मिनिटं बसले, चहा निवला तरी हेडसेट काढेनात. शेवटी काढला आणि डोळे चोळत म्हणाले, "किनारा आता जागेवर आहे."

"मग? बरं वाटलं ना?"

"बरं आहे. पण ओहोटीच्या पाण्यात बोट अशी सरळ जात नाही रे. नाक वरच्या अंगाला धरावं लागतं, तेव्हा कुठे समोरच्या धक्क्याला लागते."

सगळा मेनू परत चाळला. ओहोटीचा पर्याय कुठेच नाही.